सात मिनिटांत जे राहून गेले

मी, याकूब बाबालाल मुलाणी, वय वर्षे त्र्याहत्तर, धंदा आचारी, राहणार पाटण, जिल्हा सातारा, हे मृत्युपत्र माझ्या खुशीने करून ठेवत आहे. माझ्यावर कोणाचा दाब नाही, कोणी मला भरीस घातलेले नाही. माझे डोके ठिकाणावर आहे. डॉ. उदयसिंह भोईटे यांनी परवा मला तपासले आणि शुद्धीची खात्री करण्यासाठी पाच-सहा प्रश्न विचारले. आजचा वार कोणता, तालुका कोणता, मुले किती. शेवटी त्यांनी विचारले की दालच्यात डाळ आधी शिजवायची की मटण. त्याचे उत्तर द्यायला मला पाऊण तास लागला. बाहेर पेशंट खोळंबले होते, तरी डॉक्टरांनी सगळे ऐकून घेतले आणि मगच दाखला लिहिला.

ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो. दालचा म्हणजे डाळ, दुधी भोपळा आणि मटण एकत्र शिजवून भातावर वाढायचा आमच्या लग्नांतला पदार्थ. या पदार्थावर माझा संसार झाला. हे मृत्युपत्रही बरेचसे त्याच्याविषयीच आहे.

ॲड. पल्लवी शिंगटे यांनी मला कायद्याच्या भाषेत मसुदा करून दिला होता. दीड पानाचा होता, चांगला होता. पण वाचल्यावर माझ्या लक्षात आले की त्यात मी कुठेच नाही. म्हणून मी मधे मधे लिहीत गेलो. घरी आम्ही आमच्या बोलीत बोलतो, पण शाळा मराठी झाली, म्हणून लिहिणे मराठीत. पल्लवीताईंनी माझे लिहिणे काढले नाही, फक्त शुद्धलेखन दुरुस्त केले.

१) माझे वारस तीन. पत्नी साबेरा, मुलगा अश्फाक आणि मुलगी फिरदोस. आमच्या शरियतप्रमाणे मृत्युपत्राने मला मिळकतीच्या एक तृतीयांशापलीकडे देता येत नाही, आणि वारसाला जास्त द्यायचे तर बाकीच्या वारसांची संमती लागते. हा नियम मला पसंत आहे. यामुळे घर आणि पोस्टातली बचत यांविषयी मला डोके चालवावे लागत नाही. ती ठरल्या हिश्श्यांनी वाटली जावी. अश्फाक हा एस. टी.च्या डेपोत मेकॅनिक आहे. त्याने या मृत्युपत्राची अंमलबजावणी करावी. तो बोलतो कमी आणि नटबोल्ट हरवत नाही, म्हणून त्याला नेमले आहे.

२) घरामागच्या परड्यात एक चर आहे. मोठ्या डेगी ठेवून खाली लाकडे सारायची ती लांब खणलेली चूल. ती माझ्या वडिलांनी खणली. घर कोणाच्याही हिश्श्यात गेले तरी ती चर सिमेंटने बुजवू नये. हा हुकूम नाही, विनंती आहे. अश्फाकला तिथे मोटरसायकल लावायची आहे हे मला माहीत आहे. त्याने ती पुढच्या दारात लावावी.

३) स्वयंपाकघर आणि त्यातले सर्व सामान साबेराचे आहे. ते मी तिला देतो असे लिहिणेही चुकीचे होईल, कारण ते माझे कधीच नव्हते. मी हजार-हजार माणसांना जेवू घातले, पण पन्नास वर्षांत तिने मला घरातल्या चुलीवर चहासुद्धा करू दिला नाही. लग्न झाल्यावर आठव्या दिवशी मी भेंडी परतायला गेलो, तेव्हा तिने सांगितले की तुमचा हात मोठा आहे, माझं पातेलं लहान आहे. त्यानंतर मी त्या खोलीत पाहुणा म्हणून जात आलो. फार सुखाने जात आलो.

४) माझी मोठी सुरी पुतण्या राहील याला द्यावी. गावच्या जत्रेत बकरे कापण्याचा मान आम्हा मुलाण्यांचा, तो आता राहील चालवतो. तो माझा वारस नाही, त्यामुळे ही देणगी कायद्यात बसते. त्याने सुरी दरवर्षी धार लावून घ्यावी आणि जत्रेच्या दिवशी वेळेवर जावे. मागच्या वर्षी तो तासभर उशिरा गेला आणि सगळा गाव देवळापुढे ताटकळत बसला. त्यांनी त्याला काही बोलून दाखवले नाही. मी बोलून दाखवत आहे.

५) आता फिल्मविषयी. हे मृत्युपत्र करण्याचे खरे कारण तीच आहे.

सन २०२२ च्या हिवाळ्यात सांगलीची संयोगिता नावाची मुलगी दोन माणसे आणि कॅमेरे घेऊन माझ्याकडे आली. मोठ्या जेवणावळींत रांधणाऱ्या, पण नाव कोणाला माहीत नसलेल्या आचाऱ्यांवर ती फिल्म करत होती. तिच्या मामाच्या लग्नात तिने माझा दालचा खाल्ला होता. ती म्हणाली, चार माणसांपुरता करून दाखवा. मी सांगितले की चार माणसांपुरता मला येत नाही. कमीत कमी ऐंशी. मग ऐंशी माणसे बोलवावी लागली. गल्ली आली, डेपोतली माणसे आली, डॉक्टर आले, आणि तीन दिवस आमच्या परड्यात लग्न नसताना लग्न चालले.

कॅमेरावाला कांदा तळताना म्हणाला की धूर मधे आला, परत एकदा टाका. मी त्याला समजावले की तळलेला कांदा परत कच्चा होत नाही. शेवटी त्याच्यासाठी आणखी पाच किलो चिरला. संयोगिता मसाल्याचे माप विचारायची आणि मी तळहात दाखवायचो. म्हणून तिने साबेराकडून काटा मागून घेतला आणि माझ्या हातातले धणे काट्यावर ओतून पाहिले. मग परत एकदा. मग तिसऱ्यांदा. तिन्ही वेळा काटा एकाच जागी थांबला. तिने माझ्याकडे असे पाहिले की मला वडील गेल्यानंतर प्रथमच कोणीतरी पास केल्यासारखे वाटले.

त्या वेळी माझी मुलगी फिरदोस मिरजेहून आली होती. ती मिरजेत दवाखान्यांतल्या पेशंटच्या नातेवाइकांना डबे देते. ती मागे बसून दुधी चिरत होती. संयोगिताने विचारले की तुमच्यानंतर हे कोण करणार. मी कॅमेऱ्याकडे पाहून सांगितले, "माझ्यामागं हे संपलं. कोन न्हाई." मला ते वाक्य फार भारी वाटले होते.

६) फिल्ममधली दुसरी गोष्ट नाथाजीची. नाथाजी गणू जमदाडे, राहणार तासगाव तालुका, जिल्हा सांगली. मिलिटरीच्या लंगरात सतरा वर्षे रांधून हवालदार म्हणून परत आला. सन १९८४ मध्ये कराडजवळच्या एका लग्नात आम्ही दोघे वेगवेगळ्या बाजूंकडून आचारी म्हणून आलो होतो. मुलाकडचे शाकाहारी, मुलीकडचे नाही. मी त्याच्या भाताची चव घेतली, त्याने माझ्या रश्श्याची घेतली, आणि पुढच्या लग्नाला आम्ही एकाच टेम्पोतून गेलो. एकोणीस वर्षे सातारा आणि सांगली हे दोन्ही जिल्हे आम्ही जेवू घातले. डाळ, भात, भाज्या त्याच्या. मटण आणि शेवटची चव माझी. दालच्यात दोघांचाही हात असायचा, म्हणून त्याने एक नियम केला होता. डाळीत मीठ नाथाजीने टाकायचे आणि टाकल्यावर परेडला देतात तशी आरोळी द्यायची, "मीठ पडलं". ती ऐकली की मी पुढचे बघायचो. त्या आरोळीने मांडवात झोपलेली पोरे उठायची.

सन २००३ मध्ये विट्याजवळच्या एका गावात हंबीरराव नावाच्या बागायतदाराने नातवाचे जावळ काढले. सहाशे माणूस. त्यांनी कुठेतरी आमचा दालचा खाल्ला होता आणि तोच हवा म्हणून हट्ट धरला. त्या दिवशी नाथाजीला त्याच्या पलटणीतला जुना माणूस भेटला आणि तो त्याच्याशी बोलत बसला. मी दुपारच्या नमाजाला विहिरीकडे गेलो होतो. परत आलो, आरोळी काही ऐकली नव्हती, म्हणून मीठ टाकले. चव घेतली नाही. घेतली असती तर कळले असते की मीठ आधीच पडले आहे.

पहिली पंगत बसली आणि सगळ्यांनी एकदमच पाण्याचे तांबे उचलले. आम्ही पाणी वाढवले, डाळ उकडून घातली, बटाटे टाकले, काही उपयोग झाला नाही. लोकांनी दहीभात खाल्ला. हंबीररावांनी आम्हा दोघांना मांडवाच्या मधोमध बसवले आणि तोच दालचा वाढून सर्वांदेखत खायला लावला. मग विचारले, हात कोणाचा चुकला. मी नाथाजीकडे बोट केले. त्याच क्षणाला नाथाजीने माझ्याकडे केले. सहाशे माणूस हसले.

परत येताना टेम्पोत आम्ही बोललो नाही. कराडला तो उतरला, आपली पळी तेवढी घेतली आणि गेला. त्यानंतर वीस वर्षे आम्ही एकमेकांच्या दारात गेलो नाही. जो भेटेल त्याला मी सांगायचो की नाथाजीने आरोळी दिली नाही. तो सांगायचा की याकूबने चव घेतली नाही. दोघेही खरे बोलत होतो, पण अर्धेच.

७) फिल्मसाठी माझा दालचा खाल्लेली माणसे शोधत संयोगिता हंबीररावांपर्यंत पोचली. त्यांनी तिला ही मिठाची गोष्ट रंगवून सांगितली, वीस वर्षे प्रत्येक लग्नात सांगत आले होते तशी. ती माझ्याकडे परत आली. मला वाटले की आता ही विचारणार, चूक कोणाची. माझे उत्तर तयार होते. पण तिने तसे विचारलेच नाही. कॅमेरा लावला आणि हळूच म्हणाली, "चाचा, त्या दिवशी मीठ टाकायच्या आधी तुम्ही चव घेतली होती का?"

इतक्या वर्षांत मला हे कोणी विचारले नव्हते. मी म्हणालो, नाही. मग जे काही पोटात होते ते सगळे तिला सांगितले. की मी आचाऱ्याचा मुलगा, बापाने पहिली शिकवण दिली ती चव घेण्याची, आणि त्या दिवशी मी आळस केला. की नाथाजीसारखा भात मी आजवर पाहिला नाही. की त्याच्यानंतर तीन भागीदार केले, पण एकाचाही आवाज मांडवाच्या पलीकडे गेला नाही. ती ऐकत राहिली. तिने मला हे सांगितले नाही की ती आता तासगावला जाणार आहे.

फिल्म पुढच्या वर्षी, २०२३ च्या फेब्रुवारीत, रविवारी दुपारी चार वाजता पाटणच्या एका हॉलमध्ये दाखवली. मी शेरवानी घातली होती. अश्फाकने रजा काढली होती. बावन्न मिनिटांची फिल्म, त्यात मी सात मिनिटे. प्रथम माझा तळहात आला, केवढा मोठा, पडदाभर. मग मी आलो आणि ते वाक्य बोललो, माझ्यामागे हे संपले, कोणी नाही. आणि माझ्या खांद्यामागे, स्वच्छ उजेडात, फिरदोस दुधी चिरत होती. एकसारख्या फोडी, हाताकडे न बघता. अंधारात साबेराचा आवाज आला, "मग ती मागं बसलीया, ती कोन हाय?" बायकांची बाजू आधी हसली, मग पुरुषांची. फिरदोस पुरुषांच्या बाजूला, माझ्या शेजारी बसली होती. ती हसली नाही.

त्यानंतर मिठाची गोष्ट आली. पडद्यावर मी म्हणालो की चव घेतली नाही, चूक माझी. मग पडदा बदलला आणि तिथे नाथाजी बसला होता, त्याच्या वस्तीवर, द्राक्षांच्या मांडवाखाली. म्हातारा झाला होता. तो म्हणाला, "आरोळी द्यायची मी इसरलो. दोस्त भेटला, गप्पात ऱ्हायलो. याकूबचा काय दोष? त्यो माझ्या आवाजावर चालत हुता. मी बोललोच न्हाई, तर त्यानं काय करावं?" नंतर परत मी, मग परत तो. संयोगिताने असे जोडले होते की आम्ही समोरासमोर बसून बोलतोय असे वाटावे. मी म्हणत होतो त्याचा भात, तो म्हणत होता माझा रस्सा.

मला पुढचे दिसेनासे झाले. चष्मा पुसला तरी दिसेना. फिल्म संपली, दिवे लागले, लोक टाळ्या वाजवत होते, आणि शेवटच्या रांगेतून एक उंच माणूस खुर्च्या धरत धरत पुढे येत होता. संयोगिताने त्याला न सांगता मला आणि मला न सांगता त्याला बोलावले होते. तो माझ्यापुढे येऊन थांबला. टाळ्या थांबल्या. गावातल्या म्हाताऱ्या माणसांना गोष्ट माहीत होती.

नाथाजी म्हणाला, "याकूब, मीठ पडलं हुतं रं. सांगायचं ऱ्हायलं."

मी उठलो. शेरवानीच्या गुंड्या त्याच्या शर्टात अडकल्या आणि अश्फाकला येऊन त्या सोडवाव्या लागल्या. एवढेच झाले. बाकी काय बोललो ते आठवत नाही. नाथाजी त्या दिवशी आमच्याकडे राहिला आणि पाच दिवसांनी गेला. साबेराने त्याला चहा करू दिला. ही गोष्ट मी अजून तिला विसरू दिलेली नाही.

८) म्हणून मी या कागदाने जाहीर करतो की फिल्ममध्ये 'माझ्यामागं कोन न्हाई' असे जे विधान मी केले ते चुकीचे होते, आणि ते मी पूर्णपणे मागे घेतो. संयोगिताला मी ते काढून टाकायला सांगितले होते. ती म्हणाली, चाचा, तेच तर सगळ्यांत चांगलं आहे. त्यामुळे दुरुस्ती इथे करावी लागत आहे.

मागे घेण्याचे कारणही लिहितो. त्या रविवारनंतर फिरदोस माझ्याशी नीट बोलत नव्हती. वीस वर्षांची असताना तिने मला चरीवर येऊ का म्हणून विचारले होते, आणि मी सांगितले होते की डेगीवर बायका उभ्या राहत नाहीत. तिने परत विचारले नाही. मिरजेला लग्न होऊन गेली, पुढे डबे सुरू केले, मी ते डबे म्हणजे बाईमाणसाचा घरगुती धंदा समजत आलो. चार-पाच दिवसांनी तिने फोन केला आणि शांतपणे म्हणाली, "अब्बा, इथं रोज दीडशे डबे जातात. ज्यांचं माणूस आत ऑपरेशनला असतं, त्यांच्या घशाखाली घास जावा लागतो. ते कोण रांधतं असं वाटतं तुम्हाला?"

मग तिनेच सांगितले की मिरजेतल्या एका लग्नाचे काम तिने घेतले आहे, पाचशे माणसांचे, दालचा-खाना. मी आणि नाथाजीने यावे. एकाच अटीवर, खुर्चीवरून उठायचे नाही.

आम्ही गेलो. तिने चरीपासून दहा पावलांवर दोन प्लास्टिकच्या खुर्च्या ठेवल्या होत्या. सकाळी आठपासून आम्ही त्यांवर बसलो. लाकूड जास्त लागतेय असे मला दिसत होते, पण बोललो नाही. नाथाजी एकदा भाताकडे जायला उठला. फिरदोसने फक्त मान वळवून पाहिले आणि हवालदार परत खाली बसला. मटण आणि डाळ एकत्र करताना तिने जे केले ते मी तिला कधी शिकवले नव्हते, तरी ते माझ्या वडिलांचे होते. डेग उचलण्याआधी ती त्यांच्यासारखाच ओल्या कापडाने काठ पुसून घेत होती. एक गोष्ट तिने चुकीची केली, चिंचेऐवजी आमसूल टाकले. मी ती चूक इथे नोंदवून ठेवतो. लोकांनी तीन-तीन वेळा घेतले तरी ती चूकच आहे.

दुपारी तिने दोन ताटे आणून आमच्या मांडीवर ठेवली आणि समोर उभी राहिली. मी घास घेतला. माझ्या आयुष्यात मला कोणी वाढले नव्हते असे नाही, पण माझा दालचा दुसऱ्याच्या हातचा मी कधी खाल्ला नव्हता. मी म्हणालो, "पोरी, आता मी थांबतो." ती तिथेच वळली आणि दुसऱ्या पंगतीला भात काढायला गेली. तिचे खांदे हलत होते. नाथाजी म्हणाला की जास्त बघू नको, खा.

आठवडाभरात मी माझ्या अकरा डेगी, सर्व झारे, उलथणी आणि मसाल्याचे डबे फिरदोसला माझ्या हाताने देऊन टाकले. पल्लवीताईंनी त्याचा हिबा, म्हणजे जिवंतपणीच दिलेली देणगी, असा कागद केला. अश्फाकने टेम्पो आणला, स्वतः चढवल्या, स्वतः मिरजेपर्यंत चालवला आणि येताना पहिल्यांदाच गाडीत गाणे म्हणत होता असे साबेरा सांगते. सबब त्या वस्तू या मृत्युपत्रात नाहीत. कोणी शोधू नयेत.

९) फिल्मच्या जाहिरातीवर माझ्या हातात जे ओगराळे दिसते, ते वाढण्याचे लांब दांड्याचे, संयोगिताला द्यावे. त्याचा दांडा दोनदा बदललेला आहे आणि वाटी एकदा, पण ओगराळे तेच आहे. तिने ते भिंतीवर टांगू नये. महिन्यातून एकदा तरी त्याने काहीतरी वाढावे.

१०) हंबीररावांना मी काहीही ठेवत नाही. त्या दिवशी त्यांनी आम्हाला मांडवात बसवले, ते योग्य नव्हते, आणि हे मी त्यांना कधी सांगितले नाही. मात्र त्यांनी ती गोष्ट वीस वर्षे सांगितली नसती तर संयोगिता तासगावला गेली नसती. गेल्या दिवाळीत त्यांनी नातवाच्या हातून आम्हा दोघांना काजूची पेटी पाठवली. तो नातू म्हणजे ज्याचे जावळ होते तोच. आता इंजिनिअर आहे. त्याला त्या जेवणातले काहीच आठवत नाही, म्हणून मी त्याला आमच्या घरी जेवायला बोलावले आहे. माझे हंबीररावांशी काही भांडण उरलेले नाही.

११) माझ्या दफनानंतर जेव्हा जेवण घालायचे तेव्हा पंगत बसवावी. हातात ताट घेऊन उभ्याने खाण्याची पद्धत मी माझ्या जेवणात चालू देणार नाही. फिरदोसने रांधावे, आमसूल टाकायचे असेल तर टाकावे. वाढणाऱ्यांनी रडत वाढू नये, त्याने ताटात हात कमी-जास्त होतो. ज्याला चौथ्यांदा भात हवा असेल त्याला न विचारता वाढावा. डॉक्टरांना मटणाची नळी द्यावी, त्यांना ती मागायला संकोच वाटतो.

१२) एक डेग मी फिरदोसला दिली नाही. ती तांब्याची, सर्वांत मोठी. ती सन १९८८ मध्ये मी आणि नाथाजीने मिळून घेतली. २००३ पासून ती माझ्या घरी उलटी पडून होती, कारण मी तिच्यात एकट्याने रांधले नाही. तिचा अर्धा भाग त्याचा आहेच. माझा अर्धा भाग मी त्याला देतो.

(इथून पुढचे आज पल्लवीताईंच्या ऑफिसात हाताने लिहिले आहे.)

वरचे कलम पल्लवीताईंनी आज मोठ्याने वाचले. नाथाजी पहाटेच्या एस. टी.ने आला होता, कारण साक्षीदार म्हणून सही त्याने करावी अशी माझी इच्छा होती. ताई म्हणाल्या की ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये. तुम्हा मुसलमानांच्या मृत्युपत्राला तो नियम लागू पडतो की नाही यावर बोलता येईल, पण पुढे कोणी बोट ठेवायला नको. डेग घ्यायची असेल तर सही दुसऱ्या कोणाची तरी घेऊ. काय ते नाथाजींनी ठरवावे.

नाथाजीने खिशातून चष्मा काढला. म्हणाला, "डेग मला ह्याच्या मागनं मिळायची. सही आत्ता करायची हाय, ह्यो समोर बसलाय तवर. मी सही करतो. डेग, माझा अर्धा धरून, फिरदोसला जाऊ द्या."

मी त्याला समजावून पाहिले. तो पेनाचे टोपण उघडून बसला होता. अश्फाकने तिथेच लिहून दिले की बहिणीला डेग मिळण्यास त्याची संमती आहे, आणि साबेराने अंगठा न करता नाव लिहून सही केली, जे ती याच वर्षी शिकली आहे. तरी माझ्यामागे परत विचारायचे झाले तर त्यांनी हेच सांगावे. सबब कलम बारा बदलले. डेग संपूर्णपणे फिरदोसची.

यापूर्वी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. हे वाचून, समजून, मधे दोनदा चहा घेऊन सही करत आहे.

ठिकाण: पाटण, जिल्हा सातारा
दिनांक: ११ मार्च २०२५

लिहून ठेवणार: याकूब बाबालाल मुलाणी (सही)

आमच्यासमक्ष याकूब मुलाणी यांनी सही केली आणि त्यांच्यासमक्ष आम्ही करत आहोत.

साक्षीदार १: डॉ. उदयसिंह भोईटे, पाटण (सही)
लिहून ठेवणाऱ्याशी नाते: डॉक्टर

साक्षीदार २: हवालदार नाथाजी गणू जमदाडे, निवृत्त, तालुका तासगाव, जिल्हा सांगली (सही)
लिहून ठेवणाऱ्याशी नाते: भागीदार, सन १९८४ पासून सलग